डाव्या कडेची जागा

मला रग्बीतलं ओ की ठो कळत नव्हतं, म्हणूनच मला कडेला उभं केलं. हे मी विनयाने वगैरे सांगत नाहीये. जिला काहीच येत नाही तिला कमीत कमी नुकसान होईल अशा जागी ठेवायचं, एवढा साधा हिशोब होता. लग्नाच्या पंगतीत नवख्या माणसाच्या हाती मिठाची वाटी देतात, तसं.

नव्वदीची सुरुवातीची वर्षं. मी नागपूरहून पेनसिल्व्हेनियातल्या स्टेट कॉलेजला स्टॅटिस्टिक्समध्ये पीएच.डी. करायला आले होते. गाव म्हणजे युनिव्हर्सिटी आणि युनिव्हर्सिटी म्हणजे गाव. उन्हाळ्यात पदवीच्या वर्गांची पोरं घरी गेली की रस्ते ओस पडायचे आणि कॅम्पसच्या बसमध्ये ड्रायव्हर आणि मी असे दोघंच. डिपार्टमेंटमध्ये माझ्या शेजारच्या टेबलावर ओहायोची एक मुलगी बसायची. खांद्यांनी दरवाजा भरून टाकणारी आणि मनाने अगदी लोणी. मे महिन्यात एकदा तिने विचारलं, "शनिवारी काय करतेयस? आम्हाला एक जण कमी पडतेय."

"कशात?"

"रग्बीत. तेरा लागतात, आम्ही बारा आहोत. तू नुसती उभी राहा."

नुसतं उभं राहायचं तर राहू, म्हटलं. शनिवारी मला दुसरं काय होतं? धुणं आणि डाळ.

कॉलेजातल्या मुली पंधरा जणींची रग्बी खेळायच्या. आमची होती तेरा जणींची, तिला रग्बी लीग म्हणतात, आणि ती आमच्या कोचनी हौसेने सुरू केलेली. आसपासच्या गावांतल्या चार टीम. कुणी विद्यार्थिनी, कुणी नर्स, कुणी शाळेत शिकवणारी, एक तर चक्क ट्रक चालवायची. खेळ तसा सोपा आहे. बॉल हातात घेऊन पुढे पळायचं, पास द्यायचा तो मागेच. समोरच्यांनी कंबर धरून पाडलं, म्हणजे टॅकल केलं, की उठायचं, बॉल जमिनीवर ठेवायचा आणि पायाने मागे सरकवून आपल्या बाईकडे द्यायचा. असं सहा वेळा पाडलं की बॉल त्यांचा. समोरची रेघ ओलांडून बॉल जमिनीला टेकवला की पॉइंट. आणि रांगेत अगदी टोकाला, एक डावीकडे एक उजवीकडे, ज्या उभ्या असतात त्या विंगर.

आमचे कोच स्वतः विंगर होते, आणि हौशी नव्हे, पोटासाठी खेळलेले. इंग्लंडच्या उत्तरेकडच्या कुठल्याशा गिरणगावात ते सकाळी पावाची गाडी चालवायचे आणि रविवारी दुपारी हजारो लोकांसमोर रग्बी लीग खेळायचे. गुडघा गेला तेव्हा खेळ सुटला. पुढे बायकोला इथे प्रोफेसरची नोकरी लागली, तिच्यामागे हे आले. त्यांच्या डाव्या हाताची दोन बोटं सरळ व्हायची नाहीत. कॉफीचा कप धरला की ती दोन बोटं बाहेर राहायची, मोठ्या घरच्या बाईसारखी, आणि त्यावरून आम्ही त्यांना फार चिडवायचो.

"विंगरचं काम काय असतं सांग," त्यांनी मला पहिल्याच दिवशी विचारलं.

"पळणं."

"वाट बघणं," ते म्हणाले. मग त्यांनी सांगितलं की थंडीत काखेत हात घालून अर्धा अर्धा तास नुसतं उभं राहावं लागतं. बॉल येतो तो चार-पाच वेळा, आणि त्यातला एक जरी हातातून सुटला तरी आठवडाभर गावात तोंड लपवून पाव वाटावे लागतात. शिवाय विंगर रेघेच्या अगदी कडेला, म्हणजे लोकांच्या सगळ्यात जवळ. सगळ्या शिव्या आधी त्याला ऐकू येतात. एक म्हातारा दर रविवारी कठड्यावर वाकून त्यांचा उद्धार करायचा आणि सोमवारी त्यांच्याच गाडीवरून पाव घ्यायचा. "चांगला माणूस होता," कोच म्हणाले, "पण मी बॉल सोडला की त्याला माझी आई आठवायची." मला एकदम नागपूरचं मैदान आणि तिथले शिव्या घालणारे प्रेक्षक आठवले. म्हटलं, हा माणूस आपल्यातलाच आहे बाप्पा.

माझ्याकडे होता तो खो-खो. शाळेत मी पळणाऱ्यांच्या पहिल्या तुकडीत असायची. हुलकावणी देणं, खांबाला वळसा मारणं, पाठलाग करणारीच्या बोटाच्या टोकावरून निसटणं, हे माझ्या अंगात होतं. दहावीच्या वर्षी बाबांनी ते बंद केलं. "खेळ मंग खेळजो," ते म्हणाले, "पेपर मार्चमंधीच हाये." बाबा पोस्टात सॉर्टर होते. ज्या पोरीला शिकवायचं ठरवलं तिला शिकवायचंच, असा त्यांचा खाक्या. मी ऐकलं. दहावी झाली, बारावी झाली, बी.एस्सी., एम.एस्सी., आणि तो 'मंग' काही उजाडला नाही. तो उजाडला थेट पेनसिल्व्हेनियातल्या एका सार्वजनिक बागेच्या गवतावर, मी पंचविशी ओलांडल्यावर.

पहिल्या मॅचमध्ये बॉल माझ्याकडे आला तशी मी सुटले. दोघींना हूल दिली. तिसरीचं नुसतं बोट माझ्या पाठीला लागलं, आणि मी थांबले, बॉल खाली ठेवला आणि बाहेर चालायला लागले. खो-खोत हात लागला की बाद. सवय! सगळं मैदान माझ्याकडे बघतंय. ओहायोवाली ओरडतेय, "कुठे निघालीस?" ते खूळ दोन आठवड्यांत गेलं. ओहायोवाली रोज लायब्ररीच्या जिन्यात मला मागून टपली मारायची आणि ओरडायची, "पळ!"

दुसरी सवय मात्र जाईना.

झालं असं की मला पाडलं, मी उठले, आणि उठताना माझा बूट खाली पडलेल्या मुलीच्या दंडावर पडला. मी बॉल सोडून वाकले, तिच्या खांद्याला हात लावला आणि हात छातीशी नेला. हे सगळं क्षणात, डोक्याला न विचारता. तेवढ्यात त्यांच्या एकीने मोकळा बॉल उचलला आणि ती पळत सुटली. त्यांचे पॉइंट. पुढच्या मॅचला पुन्हा तेच. त्याच्या पुढच्या मॅचला मी बॉल न सोडता वाकले, पण त्यात इतका वेळ गेला की रेफरीने बॉल काढून घेतला. समोरच्या टीमच्या बायकांना वाटायचं की ही काहीतरी मंत्र घालतेय. एक जण तर म्हणाली, "प्लीज, माझ्यावर नको."

आता हे कुणाला समजावायचं? पाय लागला की नमस्कार, हे आपल्याकडे कुणी शिकवत नाही, ते दुधातूनच येतं. बसमध्ये परक्याला पाय लागला तरी हात जातो. लोक म्हणतात माणसात देव असतो म्हणून. आम्ही बौद्ध, आमच्या घरात देवच नव्हते. माझ्या वडिलांनी मला कारण सांगितलं होतं ते वेगळं. त्यांचे वडील गावात समोरून कुणी आलं की वाट सोडून काट्यांत उभे राहायचे. बाबा म्हणायचे, "आपल्याले लोकायनं लय दिवस पायाखाली ठेवलं. तू कोणावर पाय ठेवू नको. चुकून पडला तं वाकून हात लाव त्याले. सांग त्याले का तू मले दिसला."

आता असं शिकून आलेल्या पोरीने काय करावं?

आणि तरी मला हा खेळ सोडायचा नव्हता. सरळ सांगते, मला तो फार आवडायचा. आजीला विहिरीवर वरून पाणी ओतायचे, अंगाला अंग लागू नये म्हणून. आणि इथे एक अनोळखी नर्स, माझं आडनाव काय, जात काय, काही न विचारता, धावत येऊन माझ्या कमरेला मिठी मारायची आणि आम्ही दोघी चिखलात लोळायचो. वर ती हात देऊन मला उठवायची. अंगभर निळे डाग घेऊन मी सोमवारी कॉम्प्युटर लॅबमध्ये बसायची आणि मनात गाणी म्हणायची. इतकी वर्षं नीट वागून, नीट शिकून, नीट बोलून मी दमले होते. त्या डाव्या कडेला मी दमत नव्हते. मला ती जागा हवी होती, बस्स.

जुलैत एक नवी मुलगी आली, युनिव्हर्सिटीच्या ट्रॅकवर धावणारी, हरणीसारखे पाय. तिला डावी कडाच हवी होती. त्याच आठवड्यात मी पुन्हा वाकले आणि आम्ही हरलो. कोचनी मला बाजूला घेतलं. ते चिडले की त्यांचा आवाज उलट बारीक व्हायचा.

"तू कुणाची माफी मागतेस?"

"माफी नाही कोच. ते... तसं असतं."

"शिट्टी वाजल्यावर हवं ते कर. खेळ चालू असताना हात बॉलवर. पुढच्या मॅचला वाकलीस तर तुझी जागा त्या नव्या मुलीची."

घरी येऊन मी रूममेटला सगळं सांगितलं. ती पुण्याची, फार्मसीची, भयंकर शिस्तीची. ती म्हणाली, "त्यात काय एवढं? सवय आहे, मोडता येते. चल, प्रॅक्टिस करू." आणि ती स्वयंपाकघराच्या फरशीवर पाय पसरून बसली. "ठेव पाय माझ्यावर."

ठेवला. हात गेला. पुन्हा ठेवला, हात पाठीमागे बांधून. तर मान वाकली. "थांब, मी दाखवते," ती म्हणाली, उठली, माझ्या पायावर तिने दणकन पाय दिला, आणि तिचा स्वतःचाच हात सुर्रकन् माझ्या खांद्याकडे आला. आम्ही इतक्या हसलो की खालच्या मजल्यावरच्याने छताला काठी आपटली. मग तिला युक्ती सुचली. फ्रिजमधला कोबीचा गड्डा तिने माझ्या दोन्ही हातांत दिला. "हा बॉल. हा सोडायचा नाही. आता दे पाय."

कोबी छातीशी धरून मी तिच्या पायावर पाय देतेय आणि ती ओरडतेय, "धर! धर! सोडू नकोस!" असं चाललेलं असताना दारात काकू उभ्या.

या काकू म्हणजे गावातल्या एका मराठी डॉक्टरांच्या बायको. साठच्या दशकात इथे आलेल्या. आम्हा विद्यार्थ्यांना त्या कढीपत्ता, लोणचं आणि बोलणी अशा तिन्ही गोष्टी पुरवायच्या. त्यांनी पिशवी टेबलावर ठेवली. "अगं बाई! हे काय चाललंय?"

रूममेटने सगळं सांगितलं, अगदी क्रमवार.

"म्हणजे पाय लागला तरी नमस्कार न करायची प्रॅक्टिस," काकू म्हणाल्या. "छान. अमेरिकेत येऊन हेच शिकायचं राहिलं होतं. आणि दात पाडून घेतलेस तर तुझ्या आईला मी काय तोंड दाखवू?"

"काकू, आईला सांगू नका ना."

"मी कशाला सांगू? तिला फोटोत दिसेलच की."

जाताना मात्र त्यांनी कोबी बघितला आणि म्हणाल्या, "तो धुऊन घ्या हं भाजीआधी."

पण प्रॅक्टिस फळली. आठ दिवस स्वयंपाकघरात, जिन्यात, बसस्टॉपवर आम्ही एकमेकींना तुडवलं आणि माझा हात हळूहळू गप्प बसायला शिकला.

पुढची मॅच होती हिरव्या शर्टांच्या टीमशी, सगळ्यांत तगड्या. त्यांची उजवी विंगर माझ्यासमोर. ती एका शाळेत लहान मुलांना शिकवायची. लांब वेण्या, आणि पळायला लागली की वेण्या मागे आडव्या. मॅच संपत आली होती आणि आम्ही थोडक्यात पुढे होतो, तेवढ्यात बॉल तिच्याकडे गेला. तिच्या आणि आमच्या रेघेच्या मध्ये मी एकटी. ती सरळ माझ्या अंगावर आली. कोचनी शिकवलं होतं तसा मी खांदा तिच्या मांडीला लावला, दोन्ही हातांनी पाय आवळले आणि आम्ही दोघी रेघेबाहेर जाऊन आदळलो. शिट्टी. बॉल आमचा. मी उठले. उठताना बुटाखाली काहीतरी मऊ आलं. मला कळलं. हात हलला नाही. मी मागे न बघता धावत माझ्या जागेवर गेले.

पाठीवर थापांचा पाऊस पडला. ओहायोवालीने मला उचललंच. मला काय आनंद झाला म्हणून सांगू! जमलं, जमलं, असं मी स्वतःशीच म्हणत होते. मग लक्षात आलं की खेळ सुरू होत नाहीये. सगळ्या जणी मागे बघत होत्या. वेण्यावाली तिथेच पडली होती आणि तिचा खांदा जिथे असायला हवा तिथे नव्हता.

गळ्याजवळचं हाड मोडलं होतं. रेफरी म्हणाला, टॅकल क्लीन होता. कोच म्हणाले, क्लीन होता. तिची कॅप्टनसुद्धा म्हणाली, तुझी काही चूक नाही. खरंच नव्हती. पण मी बुटाखालचं ते मऊ विसरू शकत नव्हते. हाड पडण्यानेच मोडलं, बुटाने नाही. तरी माझ्या पायाखाली एक माणूस होतं, ते मला कळलं होतं, आणि मी आनंदाने पळून गेले होते.

"जागा तुझी," कोच व्हॅनमध्ये चढताना म्हणाले. मी थँक यू म्हटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळीच काकूंचा फोन. रूममेटच्या पोटात काही राहत नाही. "हाड मोडलंस ना पोरीचं? मग बघायला कधी जातेयस?"

"काकू, इथे असं जात नाहीत. खेळात होतं."

"असं होय? म्हणजे इथे हाड मोडलं की दुखत नाही." आणि मग, "तासाभरात येते. तयार राहा."

मला जायचं नव्हतं. लाज वाटत होती, भीतीही वाटत होती. पण काकूंच्या लांबलचक गाडीत मागच्या सीटवर शिऱ्याचा डबा टॉवेलात गुंडाळून ठेवलेला होता, आणि काकूंशी वाद घालायची माझी काय टाप? त्यांनी तिच्या गावापर्यंत ड्राइव्ह केलं, पूर्ण रस्ताभर सॉक्स, दात आणि नवरा मिळण्याविषयी बोलत.

वेण्यावालीनेच दार उघडलं, हात गळ्यात अडकवलेला. काकू तिला म्हणाल्या, "फार वाईट वाटलं गं तुझ्या हाडाचं," आणि थेट आत जाऊन सोफ्यावर बसल्या. तिची आई कुठे असते, जेवण कोण करतं, सगळं विचारून झालं. शिरा वाटीत काढला, चमचा तिच्या धड हातात दिला. ती खात राहिली. शेवटी मी एकदम म्हटलं, "माझा बूट तुझ्यावर पडला होता. मला कळलं होतं."

ती हसली आणि कळ आल्यामुळे लगेच थांबली. "बूट तर माझेही कितीतरी जणींवर पडलेत."

"पण मी थांबले नाही."

"आज आलीस ना," ती म्हणाली. मग तिने खरं दुखणं सांगितलं. तीन आठवड्यांनी आमची त्यांच्याशी शेवटची मॅच होती, त्यात जी टीम जिंकेल ती पहिली. त्यांच्याकडे बदली खेळाडू कुणीच नव्हती. बाराच उतरणार. "माझ्यामुळे," ती म्हणाली. काकूंनी तिच्या वाटीत आणखी शिरा घातला.

शेवटच्या मॅचला खरंच बारा हिरवे शर्ट आले. आमच्या लीगमध्ये रिवाज होता, समोरची टीम अपुरी असेल तर आपल्यातली एक उसनी द्यायची. द्यायची म्हणजे जी कामाची नाही ती. त्यांची कॅप्टन येऊन कोचना विचारू लागली आणि कोचनी आमच्या बदलीच्या बाकावरच्या एकीकडे बोट दाखवलं, जी त्या दिवशी सँडल घालून आली होती.

"मी जाते," मी म्हटलं.

कोचना वाटलं मी गंमत करतेय. मग त्यांचा आवाज बारीक झाला. "आज? या मॅचला?"

"त्यांची विंगर माझ्यामुळे नाहीये."

"टॅकल क्लीन होता."

"माहीत आहे."

"ऐक," ते म्हणाले. "तू गेलीस तर डावीकडे ही खेळणार," आणि त्यांनी ट्रॅकवालीकडे मान वळवली. "आणि ती जागा तिचीच राहणार. पुढच्या वर्षीही. मी शब्द फिरवत नाही."

एक क्षण वाटलं, कशाला गं बाई, गप बस ना. किती वर्षांनी मिळालंय. ती हिरवी टीम माझी कोण लागते? पण तोंडातून गेलेलं गेलं होतं, आणि खरं म्हणजे मला ते परत घ्यायचं नव्हतं. मी निळा शर्ट काढला आणि हिरवा घातला. तो वेण्यावालीचाच होता, मला गुडघ्यापर्यंत आला.

मी उजव्या कडेला उभी राहिले. समोर माझ्या जागेवर ट्रॅकवाली. आणि माझ्या कानाशी, रेघेबाहेर, वेण्यावाली गळ्यात हात अडकवून मॅचभर माझ्यावर ओरडतेय. "आत ये! आणखी आत! बॉलकडे काय बघतेस, तिच्या कमरेकडे बघ!" कोचना शिव्या घालणारा तो म्हातारा परवडला. तिच्या ओरडण्याने मी दोनदा चुकीच्या दिशेला पळाले आणि एकदा बरोबर. ते एकदाच पुरलं. बॉल माझ्या हातात आला, ट्रॅकवालीला मी खो-खोतली जुनी हूल दिली, ती पलीकडे गेली आणि कोपरा मोकळा दिसला. ओहायोवाली धावत आली. तिने मला कसलीही दयामाया न करता आडवं केलं, पण तोवर माझा हात बॉलसकट रेघेपलीकडे टेकला होता. तेवढ्याने हिरवी टीम जिंकली.

"गद्दार," ओहायोवाली माझ्या अंगावर पडल्या पडल्या म्हणाली आणि तिने माझ्या गालाची पापी घेतली. वेण्यावाली एका हाताने जेवढी मिठी मारता येते तेवढी मारून रडत होती. कोच मात्र खिशात हात घालून दुसरीकडे बघत होते.

परतीच्या व्हॅनमध्ये कुणीच पुढे बसायला तयार नाही, म्हणून मला बसावं लागलं. वाटेत पेट्रोल भरायला थांबलो तेव्हा बाकीच्या आइस्क्रीम आणायला उतरल्या. मीही दाराला हात घातला.

"त्या मुलीच्या घरी गेली होतीस म्हणे," ते समोर काचेकडे बघत म्हणाले.

"काकू घेऊन गेल्या."

"काय बोललीस?"

"फार काही नाही. त्यांनी शिरा नेला होता. बसलो. मग सांगितलं की मला कळलं होतं."

त्यांनी ती दोन वाकडी बोटं स्टिअरिंगवर ठेवली. मग म्हणाले की त्यांच्याही पायाखाली एकदा एक जण आला होता. पाऊस, चिखल, टॅकल क्लीन. त्या माणसाचा पाय दोन ठिकाणी मोडला. तोही विंगर, तोही पोटासाठी खेळणारा, आणि तो पुन्हा खेळला नाही. घर दोन गल्ल्या सोडून. "मी गेलो नाही. उद्या जाऊ, परवा जाऊ. मग खूप उशीर झाला म्हणून गेलो नाही. पावाची गाडी घेऊन जाताना ती गल्ली टाळायचो. लांबचा वळसा पडायचा." पुढे किती वर्षं खेळलात, असं मी विचारलं. "खूप," ते म्हणाले. "चांगला खेळलो. लोकांना आठवतं अजून."

"तो आहे का अजून?"

"आहे. बहिणीच्या पत्रात असतं कधीकधी."

"नाव काय त्याचं?" मी विचारलं. का विचारलं कोण जाणे.

ओठ हलले, थांबले. मग त्यांनी ते नाव घेतलं, पूर्ण, आडनावासकट, आणि त्यांचा आवाज फाटला. इतक्या मोठ्या माणसाला असं बघून माझेच डोळे भरून आले. ते नाव मी इथे लिहीत नाही. पत्ता त्यांना तोंडपाठ होता. दुसऱ्या दिवशी त्यांनी बहिणीकडून नंबर घेऊन त्या माणसाला फोन लावला, हे मला पुढे त्यांच्या बायकोकडून कळलं. काय बोलणं झालं ते तिलाही ठाऊक नव्हतं. दार लावून बोलत होते आणि खूप वेळ बोलत होते, एवढंच.

पोरी आइस्क्रीम चाटत परत यायला लागल्या. कोचनी बाहीने तोंड पुसलं.

"डावी कडा तिची," ते म्हणाले. "मी शब्द फिरवत नाही."

"माहीत आहे कोच."

"आपली उजवीकडची विंगर नोकरीसाठी लांब बेलव्ह्यूला चाललीय. पुढच्या एप्रिलपासून तिच्या जागी तू उभी राहा."

मागे ओहायोवाली दार आपटून बसली. त्यांनी किल्ली फिरवली.

"उजव्या कडेला मी खेळायचो," ते म्हणाले, आणि गाडी रस्त्यावर घेतली.